बालगंधर्व

नारायण श्रीपाद राजहंस ऊर्फ बालगंधर्व (२६ जून, १८८८ – १५ जुलै, १९६७) हे मराठी संगीत रंगभूमीवरील विख्यात गायक-नट होते. अर्धशतकाच्या कारकिर्दीत त्यांनी प्रामुख्याने नायिकेच्या भूमिका केल्या. महाराष्ट्रातील घरंदाज स्त्रीच्या वेशभूषेचा व वागण्याबोलण्याचा आदर्श एका पुरुष नटाने घालून द्यावा, ही त्यांच्या चरित्रातील सर्वांत विलक्षण बाब होय.

प्रारंभीचे जीवन

राजहंस कुटुंब मूळचे सांगली जिल्ह्यातील नागठाणे गावचे. बालवयातील नारायणाचे गाणे ऐकून लोकमान्य टिळकांनी त्याला 'बालगंधर्व' हे नाव दिले, असे परंपरेने सांगितले जाते. पुढे त्यांना भास्करबुवा बखले यांच्याकडून संगीताची तालीम मिळाली. किर्लोस्कर नाटक मंडळीतील लोकप्रिय गायक-नट भाऊराव कोल्हटकर १९०१ मध्ये वारले होते व मंडळीला गाणाऱ्या नायिकेची उणीव भासत होती. १९०५ मध्ये नारायणराव मंडळीत दाखल झाले आणि 'शाकुंतल' नाटकातील शकुंतलेच्या भूमिकेने त्यांनी ती उणीव भरून काढली.

स्त्रीभूमिका

त्या काळी कुलीन स्त्रीने रंगमंचावर उभे राहणे समाजाला मान्य नव्हते. त्यामुळे स्त्रीपार्टी नट ही प्रत्येक मंडळीची गरज असे. आवाज फुटला, मिसरूड आले की बहुतेक मुले स्त्रीभूमिका सोडत. बालगंधर्वांनी मात्र त्या प्रौढ वयातही चालू ठेवल्या. त्यांचे यश केवळ मुलायम गळ्याचे नव्हते. पदर सावरणे, मान वेळावणे, लाजणे, रुसणे या हालचाली ते इतक्या बारकाईने करीत की प्रेक्षकांतील स्त्रिया त्यांच्यासारखी साडी नेसू लागल्या आणि केशरचना करू लागल्या. ज्यांना रंगमंच वर्ज्य होता, त्यांनीच रंगमंचावरील पुरुषाकडून स्त्रीत्वाचे धडे घ्यावेत, यातील विरोधाभास पुढील काळातील अभ्यासकांच्या नजरेतून सुटलेला नाही.

१२ मार्च, १९११ रोजी मुंबईत कृ. प्र. खाडिलकर यांच्या 'मानापमान' नाटकाचा पहिला प्रयोग झाला. त्याच दिवशी त्यांच्या लहान मुलीचे निधन झाले होते. तरीही प्रयोग रद्द न करता ते भामिनीच्या भूमिकेत उभे राहिले. ही घटना त्यांच्या बहुतेक चरित्रांत कर्तव्यनिष्ठेचे उदाहरण म्हणून येते. मात्र घरातील दुःख बाजूला सारून मानिनी नायिकेचा रुबाब अंगी आणताना त्या बापाची काय अवस्था झाली असेल, याचा विचार त्या मानाने कमी झाला आहे.

गंधर्व नाटक मंडळी

१९१३ मध्ये गणपतराव बोडस व गोविंदराव टेंबे यांच्यासह त्यांनी गंधर्व नाटक मंडळी स्थापन केली. 'स्वयंवर' (१९१६) मधील रुक्मिणी ही त्यांची अत्यंत गाजलेली भूमिका होय. त्यानंतर आलेल्या राम गणेश गडकरी यांच्या 'एकच प्याला' (१९१९) नाटकात त्यांनी दारुड्याची सोशीक पत्नी सिंधू साकारली. भरजरी शालूत पाहिलेली त्यांची नायिका येथे फाटक्या लुगड्यात वावरली, आणि सौंदर्यावाचूनही ते प्रेक्षकाला धरून ठेवू शकतात हे दिसून आले. ८ जुलै, १९२१ रोजी टिळक स्वराज्य फंडासाठी झालेल्या 'संयुक्त मानापमान' प्रयोगात केशवराव भोसले धैर्यधर, तर बालगंधर्व भामिनी होते. काही महिन्यांतच केशवरावांचे निधन झाले.

मंडळीचा थाट मोठा होता. उंची वस्त्रे, अत्तराचा दरवळ, तबल्यावर अहमदजान थिरकवा व सारंगीवर कादरबक्ष अशी साथ असे. व्यवहाराकडे त्यांचे लक्ष नसल्याने कर्जाचा डोंगर झाला. ते फेडण्यात त्यांची उमेदीची वर्षे गेली.

उत्तरकाळ

१९३० नंतर बोलपटांनी नाटकांचा प्रेक्षक ओढून घेतला. शिवाय हिराबाई बडोदेकर यांच्यासारख्या गायिका स्वतः रंगमंचावर आल्या. 'आंधळ्यांची शाळा' (१९३३) पासून स्त्रियांनीच स्त्रीभूमिका कराव्यात हा विचार रूढ होत गेला. गुजराती रंगभूमीवरील समकालीन स्त्रीपार्टी नट जयशंकर 'सुंदरी' यांनी १९३२ मध्ये निवृत्ती घेतली. बालगंधर्वांना ते जमले नाही. 'प्रभात'च्या 'धर्मात्मा' (१९३५) चित्रपटात त्यांनी संत एकनाथांची भूमिका केली. साडीविना बालगंधर्व पाहण्याची लोकांना सवय नव्हती, आणि कॅमेऱ्यासमोर तुकड्यातुकड्याने होणारे काम त्यांनाही रुचले नाही.

पुढे गोहराबाई कर्नाटकी मंडळीत आल्या. गंधर्व गायकी आत्मसात केलेल्या गोहराबाई नायिका झाल्या व बालगंधर्व पुरुष भूमिकांत उतरले. त्यांच्या सहजीवनावर त्या काळी कठोर टीका झाली. त्यात गोहराबाईंच्या परधर्मीय असण्याचा वाटा मोठा होता. शरीर स्थूल झाल्यावरही त्यांनी स्त्रीभूमिका केल्या. जुने रसिक डोळे मिटून गाणे ऐकत. नव्या पिढीला मात्र ते वय दिसे. अखेरच्या वर्षांत पायांतील शक्ती गेली. ज्यांच्या चालीची एकेकाळी नक्कल होत असे, ते आता बसून भजने गात.

सन्मान व स्मारके

त्यांना १९५५ मध्ये संगीत नाटक अकादमी पुरस्कार व १९६४ मध्ये पद्मभूषण मिळाले. पुण्यातील बालगंधर्व रंगमंदिराच्या भूमिपूजनास १९६२ मध्ये ते स्वतः उपस्थित होते. उद्घाटन मात्र त्यांच्या मृत्यूनंतर, २६ जून, १९६८ रोजी झाले. तेथे चित्रकार गोपाळ देऊस्कर यांनी रंगवलेली त्यांची दोन चित्रे आहेत: एक पुरुषवेशातील व दुसरे स्त्रीवेशातील.