वजनकाट्यापासून आत्म्यांच्या टाइपरायटरपर्यंत

आधीच एक कबुली देते. माझं शिक्षण कॉन्व्हेंटचं, त्यामुळे मराठी कच्चं. चुका सापडल्या तर या अकोल्याच्या पोरीला माफ करा!

गेल्या वर्षी एम-थ्रीच्या रिझल्टच्या आदल्या रात्री आमच्या रूमवर प्लँचेट झालं. चार्टपेपरवर अक्षरं, मधे उलटी वाटी, बाजूला मेणबत्ती आणि वाटीवर तिघींची बोटं. वाटी सरसर फिरली आणि तिघीही पास असं सांगून मोकळी झाली. इथपर्यंत सगळी गंमत होती. मग एका मैत्रिणीने तिच्या वारलेल्या बाबांना बोलावलं. वाटी हो वर गेली आणि ती ढसाढसा रडली. आमचं हसू तिथेच थांबलं. दुसऱ्या दिवशी तिघींपैकी दोघींचा विषय राहिला, पण तिला मात्र बाबांशी पुन्हा बोलायचंच होतं.

तेव्हापासून मी असल्या यंत्रांबद्दल वाचत सुटले. अदृश्य शक्ती हातातल्या उपकरणात पकडायचा प्रयत्न कुणी कुणी केला? शोधताना चक्क एक मराठी इंजिनिअर सापडला, शंकर आबाजी भिसे.

भिश्यांचा जन्म २९ एप्रिल १८६७ चा, मुंबईचा. चौदाव्या वर्षी त्यांनी घरातच कोळशापासून गॅस तयार करायचं यंत्र बनवलं. (आपण त्या वयात काय करत होतो, ते विचारू नका!) पुढे ते मुंबईत दृष्टिभ्रमाचे प्रयोग करून दाखवत. एक वस्तू विरघळून लोकांच्या डोळ्यांदेखत दुसरीच होई. म्हणजे माणसाच्या डोळ्याला कसं फसवता येतं, हे त्यांना चांगलंच ठाऊक होतं.

मग इंग्लंडमधल्या एका मासिकाने स्पर्धा ठेवली. साखर, पीठ असा सुटा माल आपोआप वजन करून देणारं यंत्र हवं होतं. भिश्यांच्या डिझाइनने तिथल्या लोकांना मागे टाकलं आणि ते लंडनला गेले. तिथे त्यांना दादाभाई नौरोजींचा आधार मिळाला. विजेवर चालणारी जाहिरातीची पाटी, स्वयंपाकघरातली उपकरणं, असं त्यांचं काहीतरी सतत चालू असे. सगळ्यात मोठं काम म्हणजे छपाईचे खिळे वेगाने ओतणारं यंत्र, भिसोटाइप. पण यंत्र चांगलं असून भागत नाही, भांडवल लागतं. हिंडमन नावाच्या पुढाऱ्याने पैसा उभा करायचं कबूल केलं होतं, तो उभा राहिलाच नाही. १९०८ मध्ये भिसे निराश होऊन मुंबईला परतले. पुढे गोखल्यांच्या ओळखीने रतन टाटांनी (सर दोराबजींचे भाऊ) मदत केली, टाटा-भिसे सिंडिकेट निघालं, पण तेही टिकलं नाही.

पहिल्या महायुद्धाच्या काळात ते अमेरिकेला गेले. तिथे आयोडीनपासून बनवलेलं त्यांचं अ‍ॅटोमिडीन हे औषध चाललं. लोक त्यांना भारताचा एडिसन म्हणू लागले. सुमारे २०० शोध त्यांच्या नावावर सांगतात. आणि याच माणसाने आत्म्यांचा टाइपरायटर बनवला! अमेरिकेत १८९१ मध्ये पेटंट झालेल्या विजा बोर्डची, म्हणजे आपल्या वाटी-चार्टपेपरच्या मोठ्या भावाची, ही सुधारलेली आवृत्ती.

वाचून मला आधी हसू आलं, मग नाही. ते एकटे थोडेच होते? महायुद्धात मुलगा गेल्यावर ऑलिव्हर लॉजसारख्या भौतिकशास्त्रज्ञाने त्या मुलाच्या आत्म्याशी झालेल्या संभाषणांवर १९१६ मध्ये पुस्तक काढलं. खुद्द एडिसननेही १९२० मध्ये मृतांशी संपर्क साधणाऱ्या उपकरणाची गोष्ट काढली होती. बिनतारी संदेश हवेतून येतो, मग मेलेल्या माणसाचा का नको, असं वाटण्याचा तो काळ होता.

फरक मला एकाच ठिकाणी दिसतो. काटा खोटा असेल तर साखर कमी भरते, लगेच कळतं. खिळा वाकडा ओतला तर कागदावर दिसतो. आत्म्यांच्या टाइपरायटरला अशी टेस्ट लावणार कोण? ती टेस्ट मायकेल फॅरेडेने १८५३ मध्येच लावली होती. आपोआप फिरणाऱ्या टेबलावर त्याने हाताखाली सरकणारे थर ठेवले. टेबल हाताला ओढत नव्हतं, हातच नकळत टेबलाला ढकलत होते. लोक खोटं बोलत नव्हते, त्यांना ते कळतच नव्हतं.

आम्हीही करून पाहिलं. डोळ्यांवर ओढण्या बांधल्या आणि गुपचूप चार्टपेपर फिरवला. वाटी अक्षरं जिथे आधी होती तिथेच जात राहिली. मैत्रीण बराच वेळ गप्प बसली. मग म्हणाली की, म्हणजे बाबांना मीच बोलावत होते. त्या रात्री आम्ही तिच्याकडून बाबांच्या गोष्टी ऐकल्या, वाटीशिवाय.

भिसे ७ एप्रिल १९३५ ला न्यूयॉर्कमध्ये वारले. आज त्यांचं नाव आपल्यातल्या किती जणांना माहीत आहे? त्यांची जिद्द घ्यावी, आणि त्यांनी काट्याला लावली ती कसोटी प्रत्येक यंत्राला लावावी. आपल्या अमरावती विद्यापीठाला ज्यांचं नाव आहे, त्या गाडगेबाबांच्या हातातलं उपकरण होतं खराटा. चालला की नाही, ते रस्त्याकडे पाहिलं की कळायचं!