बंगळुरूच्या मातीत रमलेला जर्मन माळी

बंगळुरू : होसूर आणि सर्जापूर या दोन रस्त्यांच्या आद्याक्षरांवरून एचएसआर लेआउट हे नाव पडले. येथील भाजीबाजारात कोबी, गाजर, नवलकोल बारमाही दिसतात. थंड प्रदेशातील ही पिके दक्षिणेत रुजली, त्यामागे सुमारे ९०० मीटर उंचीवरील हवेइतकेच लालबागेतील उद्यानतज्ज्ञांचेही श्रम आहेत. त्यांपैकी एक, गुस्ताव हर्मान क्रुम्बिगल, याच होसूर रस्त्यावरील मेथडिस्ट दफनभूमीत विसावले आहेत.

क्रुम्बिगल यांचा जन्म १८६५ साली जर्मनीतील ड्रेस्डेनजवळ झाला. लंडनच्या हाइड पार्क व क्यू उद्यानांत काम केल्यानंतर १८९३ मध्ये बडोद्याचे महाराज सयाजीराव गायकवाड यांनी त्यांना पाचारण केले. गुणी माणसे हेरण्याची महाराजांची दृष्टी सर्वश्रुत आहे. तिचा लाभ पुढे म्हैसूरलाही झाला, याचा मात्र मराठी वाचकांना सहसा विसर पडतो. १९०८ मध्ये ते म्हैसूर संस्थानच्या सेवेत आले आणि १९३२ पर्यंत लालबागेचे प्रमुख राहिले.

त्यांची ख्याती फुलझाडांमुळे झाली. एका जातीचा बहर ओसरताच दुसरीचा यावा, अशा क्रमाने त्यांनी रस्त्याकडेची झाडे निवडली. वृंदावन उद्यानाच्या आखणीतही त्यांचा वाटा होता. शेतकऱ्याच्या दृष्टीने त्यांचे दुसरे काम अधिक मोलाचे ठरते. रशियन सूर्यफूल, सोयाबीन, अमेरिकन मका, ऱ्होड्स गवत अशी पिके त्यांनी आणविली. बाहेरचे बियाणे थेट शेतात न देता आधी बागेत पारखून घेणे आवश्यक असते. सफरचंदाच्या बहुतेक जातींना तर चांगल्या फळधारणेसाठी हिवाळ्यातील दीर्घ थंडी लागते. येथील सौम्य हिवाळा अशा जातींना सहसा पुरत नाही.

महायुद्धांच्या काळात शत्रुराष्ट्राचे नागरिक म्हणून त्यांना स्थानबद्धता सोसावी लागली. ज्या संस्थानासाठी ते राबत होते, ते ब्रिटिशांचे मांडलिक होते. तरीही त्यांनी हा देश सोडला नाही. निवृत्तीनंतरही ते बंगळुरूतच राहिले. ८ फेब्रुवारी १९५६ रोजी येथेच त्यांचे निधन झाले.

लालबागेनजीकच्या रस्त्याला त्यांचे नाव आहे. बागेतील त्यांच्या नावाचे जुने सभागृह मात्र दुरुस्तीअभावी २०१७ मध्ये कोसळले.