हातांनी घडविलेला चित्रपट : कलामहर्षी बाबूराव पेंटर

मराठी चित्रसृष्टीच्या इतिहासात दादासाहेब फाळके यांच्यानंतर ज्यांचे नाव आदराने घ्यावे लागते, ते म्हणजे कोल्हापूरचे कलामहर्षी बाबूराव पेंटर. निर्माता, दिग्दर्शक, चित्रकार, शिल्पकार, यंत्रांचा जाणकार अशा कितीतरी भूमिका या एका पुरुषाने पार पाडल्या. आणि त्यासाठी कोणत्याही विद्यालयाची पदवी त्यांच्यापाशी नव्हती!

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापुरात झाला. घराणे कारागिरांचे. शालेय शिक्षण बेताचेच. खरी शाळा म्हणजे वडिलांचे काम. आतेमामे-चुलत असा भेद न मानता सख्ख्या भावासारखे वाढलेले आनंदराव आणि बाबूराव नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवू लागले. त्या पडद्यांनी मोठी कीर्ती मिळविली आणि मेस्त्रींचे 'पेंटर' झाले.

फाळक्यांचे चित्रपट पाहून दोघांनाही या कलेचा ध्यास लागला. परदेशी कॅमेरा विकत घेण्याची ऐपत नव्हती. तेव्हा तो आपणच बनवायचा, असे ठरले. पण १९१६ साली आनंदराव अकाली वारले. खचून न जाता बाबूरावांनी दामले यांच्या मदतीने १९१८ च्या सुमारास कॅमेरा पुरा केला. गायिका तानीबाई कागलकर यांनी भांडवल दिले, छत्रपती शाहू महाराजांचे साहाय्य लाभले आणि 'महाराष्ट्र फिल्म कंपनी' उभी राहिली.

१९२० साली 'सैरंध्री' पडद्यावर आला. स्त्रीने चित्रपटात काम करणे कमीपणाचे मानले जाई, अशा काळात बाबूरावांनी स्त्रीभूमिका स्त्रियांनाच दिल्या. कीचकवधाचे दृश्य तर इतके खरे वाटले की प्रेक्षक हादरून गेले आणि अखेर ते काढून टाकावे लागले. 'सिंहगड' (१९२३) मध्ये त्यांनी कृत्रिम प्रकाशाचा वापर करून रात्रीच्या लढाईची दृश्ये टिपली. वेशभूषा, नेपथ्य, जाहिरातीची भित्तिचित्रे, सर्वांवर त्यांचा हात फिरलेला असे.

परंतु त्यांचे खरे धाडस दिसते ते 'सावकारी पाश' (१९२५) मध्ये. देव आणि राजे पाहण्यास चटावलेल्या प्रेक्षकांपुढे त्यांनी कर्जात बुडून जमीन गमावणारा शेतकरी उभा केला. ही भूमिका तरुण व्ही. शांताराम यांनी केली होती. जाणकारांनी वाखाणणी केली, पण गल्ल्यावर चित्रपट फारसा चालला नाही. ज्यांच्या घरी सातबारा आणि कर्जाचा कागद एकाच पेटीत ठेवलेले असतात, त्यांना मात्र या चित्रपटाचे मोल वेगळे सांगावे लागत नाही.

१९२९ साली दामले, फत्तेलाल, शांताराम व धायबर हे शिष्य बाहेर पडले आणि त्यांनी 'प्रभात' काढली. थोड्याच काळात गुरूची कंपनी बंद पडली. बोलपटांच्या युगात बाबूरावांनी 'उषा', 'प्रतिभा' असे मोजके चित्रपट केले, १९३६ साली 'सावकारी पाश' बोलपट म्हणून पुन्हा काढला. पण पूर्वीचे वैभव परतले नाही. पुढे १९४७ साली शांताराम यांच्याच 'लोकशाहीर रामजोशी'च्या दिग्दर्शनात त्यांचा वाटा होता. शिष्याच्या संस्थेत काम करण्यात त्यांनी कमीपणा मानला नाही. १६ जानेवारी १९५४ रोजी ते निवर्तले.

त्यांच्या मूकपटांपैकी आज फारच थोडे उरले आहे. मग उरले काय? उरली ती शिष्यांची परंपरा, आणि हाताने काम करणारा माणूस विचारही करू शकतो याचा रोकडा पुरावा. शिकणे म्हणजे घरच्या कष्टांपासून सुटका, असे आपल्याकडे पुष्कळांना वाटते. घरात प्रथमच महाविद्यालयाची पायरी चढलेल्या आम्हा विद्यार्थ्यांना बाबूरावांचे चरित्र निराळेच सांगते : करवत आणि कानस धरणाऱ्या हातांनीच या भूमीत चित्रपट घडविला. पदवी घेताना त्या हातांचा विसर पडू नये, एवढेच!