सत्यमूर्ती : वकील, मद्रासचे महापौर

चेन्नई शहराला पाणी पुरवणाऱ्या पूंडी जलाशयाला 'सत्यमूर्ती सागर' असे नाव आहे. ज्यांच्या नावाने तो ओळखला जातो, ते एस. सत्यमूर्ती व्यवसायाने वकील होते. आणि त्यांच्या आयुष्याचे अखेरचे पर्व महाराष्ट्रातील अमरावतीशी जोडलेले आहे.

१९ ऑगस्ट १८८७ रोजी तत्कालीन पुदुकोट्टई संस्थानातील तिरुमयम येथे त्यांचा जन्म झाला. मद्रास ख्रिश्चन कॉलेज व विधी महाविद्यालयातील शिक्षणानंतर त्यांनी एस. श्रीनिवास अय्यंगार या नामांकित वकिलांच्या हाताखाली उमेदवारी केली. वकिलीत जम बसत असतानाच राजकारणाने त्यांना ओढून घेतले. १९१९ मध्ये काँग्रेसच्या शिष्टमंडळातून ते इंग्लंडला गेले, तेव्हा त्यांचे वय अवघे ३१-३२ वर्षांचे होते.

असहकाराच्या काळात विधिमंडळांवर बहिष्कार घालावा, असा काँग्रेसमधील मोठ्या गटाचा आग्रह होता. सत्यमूर्तींना तो मान्य नव्हता. सरकारला त्याच्याच सभागृहात जाब विचारावा, ही स्वराज्य पक्षाची भूमिका त्यांनी स्वीकारली आणि १९२३ मध्ये ते मद्रास विधान परिषदेत निवडून आले. पुढे केंद्रीय विधानसभेत भुलाभाई देसाई काँग्रेस पक्षाचे नेते, तर सत्यमूर्ती उपनेते होते. सरकारी सदस्यांची उलटतपासणी घ्यावी, तसे त्यांचे प्रश्न असत. मात्र सामाजिक सुधारणांच्या बाबतीत ते तितके पुढारलेले नव्हते. देवदासी प्रथा बंद करण्याच्या डॉ. मुथुलक्ष्मी रेड्डी यांच्या प्रयत्नांना त्यांनी विरोध केला, ही त्यांच्या कारकिर्दीची उणी बाजू नोंदवावीच लागेल.

१९३७ च्या निवडणुकीत विद्यापीठ मतदारसंघातून राजाजी उभे राहिले. ती जागा सत्यमूर्तींनी त्यांच्यासाठी सोडली होती. राजाजी प्रांताचे पंतप्रधान झाले. सत्यमूर्ती मंत्रिमंडळात नव्हते.

१९३९ मध्ये ते मद्रासचे महापौर झाले. शहरात पाण्याची तीव्र टंचाई होती आणि दुसरे महायुद्ध सुरू झाले होते. अशा वेळी कोसस्थलैयार नदीवर पूंडी येथे जलाशय बांधण्याचा प्रस्ताव त्यांनी ब्रिटिश प्रशासनाच्या गळी उतरवला. ऑगस्ट १९४० मध्ये गव्हर्नर आर्थर होप यांच्या हस्ते कोनशिला बसवण्यात आली. सरकारशी भांडण्यात हयात घालवलेल्या माणसाने सरकारकडूनच हे काम करवून घेतले.

१९४२ च्या 'छोडो भारत' आंदोलनात त्यांना अटक झाली आणि त्या वेळच्या मध्य प्रांत व वऱ्हाडमधील अमरावती तुरुंगात त्यांची रवानगी करण्यात आली. या प्रवासात त्यांच्या पाठीच्या कण्याला इजा झाली व त्यातून ते सावरले नाहीत. २८ मार्च १९४३ रोजी मद्रासच्या सरकारी रुग्णालयात त्यांचे निधन झाले. जलाशयाचे काम १९४४ मध्ये पूर्ण झाले.

के. कामराज हे त्यांचे राजकीय शिष्य. १९३६ मध्ये प्रदेशाध्यक्ष सत्यमूर्तींनी त्यांना सरचिटणीस नेमले होते; १९४० मध्ये कामराज अध्यक्ष झाले आणि गुरूने त्यांच्या हाताखाली सरचिटणीसपद स्वीकारले. १५ ऑगस्ट १९४७ रोजी कामराज यांनी सत्यमूर्तींच्या घरी जाऊन तेथे तिरंगा फडकवला.