पिंपातला गज आणि केप्लर

गणित म्हटले की माझ्यासारख्या कला शाखेच्या विद्यार्थ्याला घाम फुटतो. घनफळाची सूत्रे मी शाळेत पाठ केली आणि परीक्षा संपताच विसरूनही गेलो. पण योहान्नेस केप्लरचे चरित्र वाचताना ती मला पुन्हा भेटली, आणि तीही एका लग्नघरात!

केप्लरचा जन्म १५७१ साली जर्मनीतील वाइल देर श्टाट या गावी झाला. लहानपणी देवी आल्या आणि त्याची नजर कायमची अधू झाली. अशा माणसाने टायको ब्राहेच्या नोंदींवरून मंगळाची कक्षा लंबवर्तुळाकार असल्याचे १६०९ मध्ये जगाला दाखवून दिले. हे आपण पाठ्यपुस्तकात वाचलेले असते. मला सांगायची आहे ती त्यानंतरची गोष्ट.

१६११ साली त्याचा सहा वर्षांचा मुलगा देवीने दगावला आणि त्याच वर्षी पत्नीही गेली. पुढल्या वर्षी तो ऑस्ट्रियातील लिन्झला आला. १६१३ च्या ऑक्टोबरात त्याने सुझानाशी दुसरा विवाह केला आणि नव्या संसारासाठी द्राक्षमद्याची पिंपे घेतली. विक्रेत्याने आडव्या पिंपाच्या मधल्या भोकातून गज तिरपा आत घातला, तळाच्या दूरच्या कडेला टेकवला, गजावरचा आकडा वाचला आणि किंमत सांगून टाकली. पिंप बुटके आहे की लांबोडके, हे त्याने पाहिलेही नाही. एका लांबीवरून घनफळ कसे कळणार? केप्लरला शंका आली.

ही शंका रास्त होती. सोपे जावे म्हणून पिंपाचा फुगवटा विसरू आणि गज १०० सेंटिमीटर आत जातो असे धरू. पिंपाचा व्यास ६० व लांबी १६० सेंटिमीटर असेल, तर त्यात सुमारे ४५२ लिटर मावतात. व्यास ८० आणि लांबी १२० असेल, तर ६०३ लिटर! गज मात्र दोन्हींत तेवढाच जातो.

पण केप्लर येथे थांबला नाही. हिशेब करता करता त्याला दिसले की, लांबी व्यासाच्या सुमारे १.४ पट असताना घनफळ सर्वांत जास्त भरते आणि ऑस्ट्रियाची पिंपे जवळपास याच प्रमाणात बनत. शिवाय या कमाल मापाजवळ थोडे इकडेतिकडे झाले तरी चालते. गज तेवढाच ठेवून १२० ची लांबी ११५ केली, तर दोन लिटरांचाही फरक पडत नाही. म्हणजे विक्रेता फसवत नव्हता! केप्लरने तसे प्रांजळपणे लिहिले. वस्तूचे पातळ काप कल्पून ९० हून अधिक आकारांची घनफळे सांगणारे त्याचे लॅटिन पुस्तक १६१५ मध्ये लिन्झला छापले गेले. पुढच्याच वर्षी सामान्य लोकांसाठी त्याने ते जर्मन भाषेत आणले. न्यूटन व लायब्निझ यांच्या कलनशास्त्राची वाट अशी एका पिंपापासूनही जाते.

त्याच १६१५ साली त्याच्या म्हाताऱ्या आईवर चेटकीण असल्याचा आळ आला. १६२० मध्ये तिला अटक झाली. केप्लर काम सोडून धावला आणि एकेका आरोपाला लेखी उत्तर देत राहिला. १६२१ मध्ये ती सुटली. सगळे गाव म्हणते म्हणून खरे, हे त्याने मद्याच्या बाबतीत मानले नाही, मग आईच्या बाबतीत कसे मानावे?

१६३० साली थकलेल्या पैशांसाठी फिरत असताना रेगेन्सबुर्ग येथे त्याचे निधन झाले. युद्धाच्या धामधुमीत त्याची कबरही नाहीशी झाली.

शंका घेणारे आपल्यात पुष्कळ आहेत. शंका घेऊन स्वतः मोजून पाहणारे थोडे, आणि समोरचा बरोबर निघाला तर तसे छापून सांगणारे त्याहून थोडे. घनफळाचे सूत्र मी कदाचित पुन्हा विसरेन, पण केप्लरला विसरणार नाही.