मशीनला माणसांची भाषा शिकवणाऱ्या ॲडमिरल

लॅबमध्ये आपण प्रोग्राम लिहितो, कम्पाइल करतो, ढीगभर एरर्स आल्या की वैतागतो आणि व्हायव्हाला कम्पायलरची पाठ केलेली डेफिनिशन म्हणून दाखवतो. पण हा कम्पायलर आला कुठून? हे शोधताना मला एक भन्नाट व्यक्ती सापडली. अमेरिकन नेव्हीतल्या ऑफिसर, गणितात पीएच.डी. आणि हाडाच्या शिक्षिका. नाव ग्रेस हॉपर.

त्यांचा जन्म ९ डिसेंबर १९०६ चा, न्यूयॉर्कमधला. सात वर्षांच्या असताना घड्याळ कसं चालतं ते बघायला त्यांनी घरातली सात गजराची घड्याळं एकामागोमाग एक खोलली. शेवटी आईने फक्त एकच घड्याळ खोलायची परवानगी दिली! १९२८ मध्ये त्या वासार कॉलेजमधून पदवीधर झाल्या आणि १९३४ मध्ये येलमधून पीएच.डी. १९३१ पासून त्या वासारमध्येच गणित शिकवत होत्या. त्यांची एक सवय विद्यार्थिनींना अजिबात आवडायची नाही. त्या एखादं सूत्र देऊन त्यावर निबंध लिहायला सांगत. आम्ही गणित शिकायला आलोय, इंग्लिश नाही, अशी कुरकुर चाले. पण बाईंचं म्हणणं ठाम होतं, की दुसऱ्याला समजावता येत नसेल तर गणित येऊन उपयोग काय?

मग दुसरं महायुद्ध आलं. हॉपर यांनी नेव्हीत जायचं ठरवलं, तर वय जास्त आणि वजन नियमापेक्षा सुमारे १५ पौंड कमी! तरीही खास सवलत मिळवून डिसेंबर १९४३ मध्ये त्या भरती झाल्याच. ट्रेनिंगमध्ये पहिल्या आल्या आणि १९४४ मध्ये हार्वर्डला मार्क-१ या ५१ फूट लांबीच्या कम्प्युटरवर रुजू झाल्या. या मशीनचं ५६१ पानांचं मॅन्युअल त्यांनी लिहिलं.

'बग' हा शब्द त्यांनी शोधला असं बरेच जण सांगतात, पण ते खरं नाही. १९४७ मध्ये मार्क-२ च्या रिलेत खरोखरचा पतंग अडकलेला सापडला आणि तो लॉगबुकात चिकटवला गेला. शब्द मात्र इंजिनिअर लोकांत आधीपासूनच होता. हॉपर यांनी ती गोष्ट जन्मभर रंगवून सांगितली, एवढंच.

त्यांचं खरं काम पुढे आहे. १९४९ मध्ये त्या युनिव्हॅक बनवणाऱ्या कंपनीत गेल्या. त्या काळी प्रोग्रामर तेच तेच कोड हाताने उतरवून काढत आणि उतरवताना चुका होत. हे उतरवायचं काम मशीनलाच का देऊ नये, असं त्यांना वाटलं. १९५२ मध्ये त्यांनी ए-० तयार केला. टेपवर साठवलेली सबरूटीन्स नंबरावरून शोधून जोडायचं काम आता मशीन करू लागलं. कम्प्युटर फक्त आकडेमोड करतो, असं म्हणत लोकांनी आधी विश्वासच ठेवला नाही.

पुढची कल्पना आणखी धाडसी होती. ज्याला गणिती चिन्हं जमत नाहीत, त्याला साध्या शब्दांत प्रोग्राम लिहिता यावा. त्यांच्या टीमने डेमो दाखवला इंग्लिशमध्ये, आणि शिवाय फ्रेंच अन् जर्मनमध्येही! मशीनला काय, सगळे शब्द म्हणजे बिट्सच. पण मॅनेजमेंट हादरलं. अमेरिकन मशीनला परकी भाषा कशी येईल? फक्त इंग्लिशच वापरू, हे पटवण्यात काही महिने गेले. त्यातून फ्लो-मॅटिक आली आणि तिच्यावरून १९५९ मध्ये कोबोलची सुरुवात झाली.

त्याच सुमारास पेनसिल्व्हेनियाच्या मूर स्कूल ऑफ इलेक्ट्रिकल इंजिनिअरिंगमध्येही त्या शिकवू लागल्या. नेव्हीने त्यांना १९६६ अखेरीस रिटायर केलं आणि १९६७ मध्ये सहा महिन्यांसाठी परत बोलावलं. ते सहा महिने जवळजवळ एकोणीस वर्षं चालले! मध्ये १९७१ मध्ये पुन्हा रिटायर झाल्या, तर पुढच्याच वर्षी पुन्हा बोलावणं. १९८६ मध्ये, ७९ व्या वर्षी, त्या रिअर ॲडमिरल म्हणून निवृत्त झाल्या. १ जानेवारी १९९२ ला त्यांचं निधन झालं. १९९७ मध्ये त्यांच्या नावाची युद्धनौका नेव्हीत दाखल झाली.

लेक्चरला त्या वायरचे तुकडे वाटायच्या, साधारण ३० सेंटिमीटरचे. प्रकाश एका नॅनोसेकंदात तेवढाच जातो! ते बघून मोठमोठ्या ॲडमिरलनाही सॅटेलाइटवरून मेसेज यायला वेळ का लागतो ते कळायचं.

मला हे वाचून आपला वर्ग आठवला. मराठी मीडियममधून आलेले कित्येक जण व्हायव्हात गप्प उभे राहतात. उत्तर माहीत असतं, इंग्लिश शब्द सापडत नाही. मी कॉन्व्हेंटची, त्यामुळे माझं उलटं. डेफिनिशन तोंडपाठ, पण कम्प्युटर नेमकं करतो काय, असं आजीने विचारलं की माझी बोलती बंद! हॉपर यांच्या हिशोबाने दोघांचंही शिकणं अर्धवटच. मग या सेमिस्टरला एक तरी टॉपिक एकमेकांना मराठीत समजावून सांगायचा का? त्यांना एक वायरचा तुकडा पुरला, आपल्याकडे तर अख्खी भाषा आहे.