विश्लेषण : गोंड-भिल्ल चित्रकारांना ‘आजचे कलावंत’ कुणी ठरवले? काय होता जगदीश स्वामीनाथन यांचा भोपाळ प्रयोग?

भूरीबाईंना २०२१ मध्ये पद्मश्री जाहीर झाली, तेव्हा त्यांची कहाणी देशभर पोहोचली. भोपाळच्या भारत भवनाच्या बांधकामावर रोजंदारीने राबणारी झाबुआची भिल्ल तरुणी पुढे नामवंत चित्रकार झाली. या कहाणीत तिच्या हाती कागद आणि रंग देणारा एक दाढीवाला, लुंगीतला, विडी ओढणारा माणूस येतो. ते जगदीश स्वामीनाथन. १९९४ मध्ये त्यांचे निधन झाले. पक्षी, झाड आणि डोंगराच्या त्यांच्या चित्रांना आज लिलावांत कोट्यवधींची बोली लागते. मात्र आदिवासी चित्रकाराला कारागीर न मानता समकालीन कलावंत म्हणून दालनात जागा देण्याचे त्यांचे काम या चित्रांपेक्षा दूरवर परिणाम करणारे ठरले आणि तितकेच वादाचेही.

स्वामीनाथन कलेकडे कसे वळले?

सरळ वाटेने तर नाहीच. जन्म १९२८ चा, सिमल्यातल्या तमिळ कुटुंबातला. डॉक्टर व्हावे म्हणून घरच्यांनी पाठवले, पण ते शिक्षण अर्धवट सोडून ते बाहेर पडले. समाजवादी चळवळ, मग कम्युनिस्ट पक्ष, पत्रकारिता असा प्रवास झाला. दिल्ली पॉलिटेक्निकच्या संध्याकाळच्या वर्गांत चित्रकलेचे धडे घेतले, पुढे काही काळ वॉर्साच्या कला अकादमीत काढला. पक्षापासून ते दुरावले, तरी चळवळीत अंगी भिनलेली वाद घालण्याची खोड आयुष्यभर सुटली नाही. त्यांचे कलाविषयक लेखन वाचताना ती पानोपानी जाणवते.

‘ग्रुप १८९०’ हे काय प्रकरण होते?

भावनगरमध्ये ज्या घरात १९६२ साली १२ चित्रकार-शिल्पकार जमले, त्या घराचा क्रमांक १८९०. तेच गटाचे नाव झाले. जेराम पटेल, गुलाममोहम्मद शेख, ज्योती भट्ट, हिंमत शाह यांच्याबरोबर अकोल्यात जन्मलेले अंबादास खोब्रागडेही त्यात होते. पॅरिसची नक्कल नको आणि बंगाल शैलीचा भूतकाळाचा उमाळाही नको, असा त्यांचा पवित्रा होता. १९६३ मध्ये दिल्लीत पहिले प्रदर्शन भरले. उद्घाटनाला पंडित नेहरू आले, तर प्रस्तावना मेक्सिकोचे तेव्हाचे राजदूत आणि कवी ऑक्ताव्हिओ पाझ यांनी लिहिली. हेच शेवटचे प्रदर्शनही ठरले. गट विखुरला, पण स्वामीनाथन यांच्या डोक्यातला प्रश्न तसाच राहिला. भारतीय चित्रकाराने आधुनिक व्हायचे ते युरोपच्याच घड्याळाप्रमाणे का? १९६८ मध्ये नेहरू फेलोशिप मिळाल्यावर त्यांनी पारंपरिक दैवी प्रतीके आणि आजची कला यांचे नाते हाच अभ्यासविषय घेतला.

भारत भवनात वेगळे काय घडले?

मध्य प्रदेश सरकारने भोपाळच्या मोठ्या तलावाकाठी कलाकेंद्र उभारायचे ठरवले. सनदी अधिकारी आणि हिंदी कवी अशोक वाजपेयी यांचा त्यात पुढाकार होता. वास्तुरचना चार्ल्स कोरिया यांची. तलावाकडे उतरत जाणाऱ्या गच्च्या आणि खोलगट अंगणे अशी ही इमारत टेकडीच्या उतारातच दडलेली आहे. १३ फेब्रुवारी १९८२ रोजी इंदिरा गांधी यांच्या हस्ते ती खुली झाली. त्यातल्या ‘रूपंकर’ या कला संग्रहालयाची सूत्रे स्वामीनाथन यांच्याकडे होती.

संग्रह जमवण्यासाठी त्यांनी दलालांना किंवा जुन्या वस्तूंच्या व्यापाऱ्यांना गाठले नाही. तरुण चित्रकार आणि कला विद्यार्थ्यांच्या तुकड्या त्यांनी राज्यातल्या गावागावांत, पाड्यापाड्यांत धाडल्या. भिंतीवर कोण काय काढते, माती-धातू-लाकडात कोण काय घडवते, ते पाहायचे आणि करणाऱ्याचे नाव विचारायचे. आज ही बाब साधी वाटते. पण तोवर संग्रहालयांतल्या अशा वस्तूंखाली बहुधा जमातीचे आणि जिल्ह्याचे नाव असे, माणसाचे नसे.

मग शहरी आधुनिक चित्रांचे दालन आणि लोक-आदिवासी कलेचे दालन एकाच छताखाली, एकाच दर्जाने मांडले गेले. १९८७ च्या ‘द परसीव्हिंग फिंगर्स’ या पुस्तकात स्वामीनाथन यांनी यामागची भूमिका मांडली. आदिवासी हा आपल्या भूतकाळाचा नमुना नाही. तो आज जगतो, म्हणून त्याची कलाही आजचीच. एकाच वेळी नांदणाऱ्या अनेक संस्कृतींपैकी एकीलाच समकालीन म्हणण्याचा अधिकार कुणाला नाही, असा त्यांचा युक्तिवाद होता.

आधी असे प्रयत्न झाले नव्हते का?

झाले होते आणि त्यातला एक धागा मराठी आहे. चित्रकार भास्कर कुलकर्णी यांनी साठच्या दशकातल्या बिहारच्या दुष्काळात मधुबनीच्या स्त्रियांना कागदावर चित्रे काढायला प्रवृत्त केले आणि पुढे डहाणूकडच्या वारली चित्रांकडेही लक्ष वेधले. जिव्या सोमा म्हसे यांची चित्रे १९७५ मध्ये मुंबईच्या ‘केमोल्ड’ दालनात लागली. कुलकर्णींचे नाव आज फारसे कुणी घेत नाही, ही खेदाची गोष्ट. मात्र दुष्काळात सुरू झालेल्या कामाचा मुख्य हेतू चार पैसे मिळवून देण्याचा होता आणि त्याची सोय हस्तकला विभागाकडून झाली. रूपंकरमध्ये प्रथमच सरकारी खर्चाने उभ्या राहिलेल्या कलासंस्थेने धोरण म्हणून आदिवासी चित्रकाराला आधुनिक चित्रकाराशेजारी बसवले.

भूरीबाईंच्या वाट्याला काय आले?

पिटोल गावच्या भूरीबाईंना तेव्हा हिंदी धड येत नव्हते. बांधकामावर रोज ६ रुपये मिळत. घरच्या भिंतीवर काढता तसे कागदावर काढा, असे स्वामीनाथन यांनी सुचवले तेव्हा त्यांना पहिली काळजी वाटली ती मजुरी बुडण्याची. रोजचे १० रुपये देऊ, असे ठरल्यावर त्या बसल्या. गावी रंग म्हणजे गेरू, खडू, पाने कुटून-गाळून करायचे. इथे बाटलीतून आयता रंग आणि हातात ब्रश. त्याचे नवल त्यांनी अनेक मुलाखतींत सांगितले आहे.

आणखी एक अडचण होती. भिल्लांमधले पिठोरा हे विधीचे चित्र पुरुषच काढतात. बाईने त्यातले घोडे रंगवायचे नाहीत, हा दंडक. भूरीबाईंनी तो मोडला नाही. झाडे, पशू, घर, जत्रा आणि पुढे मोटार-विमानेही त्यांच्या ठिपक्यांत आली, पिठोऱ्याचा घोडा मात्र बाजूला राहिला. दालन मोकळे असले तरी घरचे नियम संपत नाहीत.

जनगढ सिंह श्याम यांची कथा वेगळी कशी?

मंडला भागातल्या (आता दिंडोरी जिल्हा) पाटनगढ गावात एका झोपडीच्या भिंतीवरचा हनुमान या शोधपथकाच्या नजरेत भरला. तो रंगवणारे जनगढ तेव्हा विशीच्या आसपास होते. समाज परधान, म्हणजे गोंडांच्या देवांच्या आणि राजांच्या कथा बाना वाजवून गाणारा. यजमान गरीब झाले तशी ही गायकीही ओसरत चालली होती. जनगढ भोपाळला आले, भारत भवनात छापचित्रण शिकले आणि जे देव तोवर गाण्यातच होते त्यांना ठिपक्यांचे, रेघांचे रूप देऊ लागले. १९८६ मध्ये राज्याचा शिखर सन्मान मिळाला, १९८९ मध्ये पॅरिसच्या ‘मॅजिशियन्स ऑफ द अर्थ’ या गाजलेल्या प्रदर्शनात चित्रे लागली. भोपाळच्या विधान भवनाच्या भिंतीही त्यांनी रंगवल्या. नातेवाईक एकेक करून भोपाळला आले, त्यांच्या हाताखाली शिकले. आज ‘गोंड चित्रे’ म्हणून जे विकले जाते, त्यातले बरेचसे या एका माणसापासून सुरू होते. म्हणूनच त्याला ‘जनगढ कलम’ म्हणतात. हजारो वर्षांची परंपरा असे लेबल लावून ते विकणे म्हणजे या कलावंताचे श्रेय पुन्हा जमातीच्या नावावर टाकणे.

आक्षेप कोणते?

पहिला आक्षेप निवडीचा. कोण कलावंत आणि कोण नाही, हे ठरवणारी नजर अखेर दिल्लीच्या एका चित्रकाराची होती. त्याने कागद दिला, आकार ठरला, चित्र भिंतीवरून आणि विधीतून सुटले. दुसरा आक्षेप, दालने शेजारी असली तरी ती दोन होती. शहरी आणि आदिवासी ही वाटणी पुसली गेली नाही.

तिसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. गाव सोडून आलेल्या माणसाला दालनाने नाव दिले, पण आधार किती दिला? स्वामीनाथन १९९० मध्ये भारत भवनातून बाहेर पडले आणि चार वर्षांनी गेले. जुलै २००१ मध्ये जपानमधल्या मिथिला संग्रहालयात कामासाठी गेलेल्या जनगढ यांनी तिथेच आयुष्य संपवले. वय चाळिशीच्या आसपास. घरी परतण्याची ओढ त्यांच्या पत्रांतून दिसत होती. परदेशी बोलावलेल्या आदिवासी कलावंताशी करार काय असतो, मोबदला किती आणि त्याची काळजी कोण घेतो, हे प्रश्न देशातल्या चित्रकारांनी तेव्हा उघडपणे विचारले.

पाटनगढची चित्रे थांबली नाहीत. जनगढ यांच्या हाताखाली शिकलेले पुतणे भज्जू श्याम यांना २०१८ मध्ये, तर दुर्गाबाई व्याम यांना २०२२ मध्ये पद्मश्री मिळाली. दोघांची चित्रपुस्तके परदेशी भाषांत गेली आहेत. लिलावघरांत मात्र त्यांच्या चित्रांची बोली स्वामीनाथन यांच्या पक्षी-डोंगरांच्या आसपासही अजून पोहोचलेली नाही.